रेतीच्या गाड्यांवर मर्यादा घालणारा आदेश हायकोर्टात कसा न्यावा

घाट (नदीतून रेती काढण्याची ठरवून दिलेली जागा) सुरू झाला की दोन-चार आठवड्यांत एखादा कागद निघतोच. 'या घाटावर फक्त १० ट्रॅक्टर', 'तालुक्याबाहेरच्या टिप्परला पास नाही', 'एका गाडीला दिवसाला दोनच खेपा', 'दहा चाकी बंद'. वैनगंगेकाठचे पवनी असो, कन्हानकाठचा मौदा असो की वर्धेकाठचे पुलगाव, साचा तोच. कागद हाती पडला की गाडीमालक थेट नागपूरला वकिलाकडे धावतो आणि तिथे पहिले वाक्य बोलतो, 'साहेब, दहा गाड्या फार कमी आहेत.' या वाक्यावर केस उभी राहत नाही. घाटावर दहा गाड्या हव्यात की तीस, हे हायकोर्ट ठरवत नाही. दहाचा आकडा कोणी ठरवला, कोणत्या अधिकारात आणि कशाच्या आधारावर, एवढेच ते विचारते. त्यामुळे सगळी तयारी या तीन प्रश्नांभोवती करायची.

आधी कागद नीट वाचा

आदेशाची पूर्ण प्रत मिळवा. व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारा फोटो चालत नाही, कारण त्यात बहुतेक वेळा दुसरे पान नसते आणि अटी नेमक्या दुसऱ्या पानावर असतात. तहसील किंवा जिल्हाधिकारी कार्यालयात नकलेचा अर्ज करून प्रमाणित प्रत घ्या. प्रतीत चार गोष्टी शोधा: जावक क्रमांक व तारीख, सहीखालचे पदनाम, वर 'वाचले' म्हणून दिलेली यादी, आणि मजकुरात नमूद केलेले कलम. 'वाचले'मध्ये निव्वळ एखाद्या बैठकीचे इतिवृत्त किंवा एखाद्याची तक्रार असेल आणि कलम कुठेच नसेल, तर आदेशाचा पाया तिथेच हलतो.

आदेश तोंडी असेल (नाक्यावरचा माणूस नुसता 'वरून सांगितलं आहे' म्हणतो तेव्हा), तर आधी लेखी अर्ज देऊन तो कागदावर आणा. 'अमुक तारखेपासून माझ्या वाहनास वाहतूक पास मिळत नाही, कोणत्या आदेशान्वये ते कळवावे,' एवढे दोन ओळींत लिहा आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. उत्तर आले नाही तरी ही पोच पुढे कामाला येते.

मग कलमाप्रमाणे वाट ठरते. ग्रामीण भागात साधारण पाच प्रकारचे आदेश दिसतात आणि प्रत्येकाची कमकुवत जागा वेगळी असते.

महसूलचा आदेश सगळ्यात नेहमीचा. रेती हे गौण खनिज. १९५७ च्या खाण व खनिज अधिनियमाच्या कलम १५ खाली नियम करण्याचा अधिकार राज्य शासनाला आहे, आणि त्यातूनच महाराष्ट्राचे २०१३ चे गौण खनिज उत्खनन नियम आले. जिल्हाधिकारी आणि तहसीलदार यांना जे अधिकार आहेत ते या नियमांतून आणि जमीन महसूल अधिनियम, १९६६ मधून. बेकायदा वाहतूक अडवण्याचा, पास तपासण्याचा, गाडी जप्त करण्याचा अधिकार स्पष्ट आहे. पण रीतसर पास असलेल्या, कागदपत्रे पूर्ण असलेल्या गाड्यांची संख्या बांधण्याचा अधिकार कोणत्या तरतुदीतून आला, हे दाखवण्याचे ओझे आदेश काढणाऱ्यावर येते. नुसता शासन निर्णय दाखवला तर विचारा, त्याच्यामागे कायदा कोणता? नागरिकाच्या हक्काला बाध येईल असे कृत्य शासनाला कायद्याच्या आधाराशिवाय करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्येच ठाकूर भारत सिंग प्रकरणात सांगितले आहे.

रेती धोरणही वारंवार बदलले आहे: सप्टेंबर २०१९, जानेवारी २०२२, एप्रिल २०२३, एप्रिल २०२५. आदेशाच्या तारखेला कोणते धोरण लागू होते ते आधी तपासा. जुन्या धोरणाचा हवाला देऊन नवीन आदेश निघतो तेव्हा तो मुद्दा पहिल्या पानावर घ्या.

रस्ता किंवा पूल हे कारण असेल तर मोटार वाहन अधिनियम, १९८८ चे कलम ११५ बघा. सार्वजनिक सुरक्षितता, सोय किंवा रस्ता-पुलाचे स्वरूप यासाठी राज्य शासन किंवा शासनाने अधिकार दिलेला अधिकारी विशिष्ट प्रकारच्या गाड्यांना एखाद्या रस्त्यावर बंदी घालू शकतो. पण ती राजपत्रात अधिसूचना काढून. राजपत्राशिवायचा निर्बंध जास्तीत जास्त एक महिना टिकतो. तीन महिने चाललेला 'तात्पुरता' आदेश इथे अडकतो.

पोलीस किंवा दंडाधिकाऱ्यांचा आदेश बहुधा जुन्या १४४ कलमाखालचा, म्हणजे १ जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १६३. त्याचे आयुष्य दोन महिने. राज्य शासनानेच वाढवले तर गोष्ट वेगळी. हायकोर्टाआधी त्याच दंडाधिकाऱ्याकडे आदेश मागे घेण्याचा अर्ज करता येतो. तो करा, स्वस्त आहे.

ग्रामपंचायतीचा ठराव हा चौथा प्रकार. 'बाहेरगावच्या गाडीला गावातून रस्ता नाही' किंवा 'प्रत्येक खेपेला ग्रामविकास निधी' अशी पावती फाडली जाते. ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १२४ मधील करांच्या यादीत नसलेली वसुली संविधानाच्या अनुच्छेद २६५ (कायद्याशिवाय कर नाही) पुढे उभी राहत नाही. शिवाय कलम १४२ खाली बेकायदेशीर ठरावाची अंमलबजावणी जिल्हाधिकारी तहकूब करू शकतात. आधी तो अर्ज द्या. कितीतरी ठराव तिथेच थांबतात. गडचिरोलीसारख्या अनुसूचित क्षेत्रात मात्र जपून. पेसा कायद्याच्या (अनुसूचित क्षेत्रांतल्या पंचायतींचा कायदा) कलम ४ मुळे गौण खनिजाच्या पट्ट्याआधी ग्रामसभेची किंवा योग्य स्तरावरच्या पंचायतीची शिफारस बंधनकारक आहे. ग्रामसभेने शिफारस देताना घातलेली अट लिलावाच्या कागदात आली असेल, तर तिला नुसता 'ठराव' म्हणून उडवता येत नाही.

पाचवा प्रकार आरटीओचा. मालवाहू गाडीचे परमिट 'कोटा संपला' म्हणून नाकारले तर कायद्यातली जागा दाखवायला सांगा. मोटार वाहन अधिनियमाच्या कलम ७१ आणि ७४ मध्ये परमिटांची संख्या मर्यादित करण्याची तरतूद आहे, पण ती प्रवासी गाड्यांसाठी आणि किमान पाच लाख लोकसंख्येच्या शहरांसाठी. मालवाहू गाड्यांच्या कलम ७९ मध्ये तसे काही नाही, आणि कलम ८० म्हणते की परमिटचा अर्ज सहसा नाकारू नये. इथे अपील राज्य परिवहन अपील न्यायाधिकरणाकडे, कलम ८९ खाली.

एक कागद मात्र लोक कायम विसरतात: घाटाची पर्यावरण मंजुरी आणि खाणकाम आराखडा. गाड्यांच्या खेपांचा आकडा कित्येकदा तिथूनच आलेला असतो. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१२ च्या दीपक कुमार निकालानंतर पाच हेक्टरच्या आतल्या घाटांनाही पर्यावरण मंजुरी लागते. तिच्या अटीत 'दिवसाला इतक्या खेपा' असेल तर तहसीलदाराने फक्त ती अट पुढे पाठवली आहे. तेव्हा तहसीलदाराच्या आदेशावर हल्ला करून काही हाती लागत नाही. पर्यावरण मंजुरीविरुद्धचे अपील राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाच्या पुणे खंडपीठाकडे, ३० दिवसांत, आणि सबळ कारण असेल तर आणखी ६० दिवसांपर्यंत.

आकडा खोडायचा तर आकड्यानेच

आता तिसरा प्रश्न, आधाराचा. इथे बहुतेक याचिका गुळमुळीत होतात. 'आमचे कुटुंब उघड्यावर पडेल' हे प्रत्येक याचिकेत असते. न्यायाधीश ते रोज वाचतात. त्यापेक्षा एक पान हिशेब जोडा.

समजा घाटाचा मंजूर साठा ६,००० ब्रास (रेती मोजण्याचे माप) आहे आणि पावसाळ्याआधी कामाचे १२० दिवस उरतात. म्हणजे रोज ५० ब्रास निघायला हवी. आदेशाने १० ट्रॅक्टर ठेवले. ट्रॉलीत १ ब्रास, दिवसाला ३ खेपा, म्हणजे रोज ३० ब्रास. १२० दिवसांत ३,६००. उरलेली २,४०० ब्रास कागदोपत्री विकलेली, पण उचलायला गाडीच नाही. शासनाने एका हाताने ६,००० ब्रासचे पैसे घेतले आणि दुसऱ्या हाताने ३,६०० च नेऊ दिली. ही विसंगती मनमानीचा सगळ्यात स्वच्छ पुरावा, आणि ती संविधानाच्या अनुच्छेद १४ (समानतेचा हक्क) मध्ये बसते. लिलाव कागदपत्र, महाखनिज पोर्टलवरच्या ई-पासच्या छापील नोंदी आणि खेपेला लागणारा वेळ (घाटापासून डेपोपर्यंतचे किलोमीटर, भरायला व रिकामे करायला लागणारी मिनिटे) सोबत लावा.

हिशेब करताना वजनही बघा, नाहीतर स्वतःच्याच कागदात फसाल. १ ब्रास म्हणजे १०० घनफूट, २.८३ घनमीटर. कोरडी रेती ब्रासला साडेचार टनांच्या आसपास, नदीतून ओली काढली तर पाचच्या वर. सहा चाकी टिप्परचे मालासकट एकूण वजन २०१८ च्या सुधारणेनंतर १८.५ टनांपर्यंत. रिकामी गाडीच सात टनांच्या घरात असते. म्हणजे अडीच ब्रास ओढताना काटा टोकावर. याचिकेत 'माझी गाडी खेपेला ४ ब्रास नेते' असे लिहिले की सरकारी वकील पुढचे काही बोलतच नाही. ओव्हरलोडची कबुली तुम्हीच शपथेवर दिलेली असते. मोटार वाहन अधिनियमाच्या कलम १९४ खाली ओव्हरलोडला २०,००० रुपये आणि जादा प्रत्येक टनाला २,००० रुपये दंड आहे.

ट्रॅक्टरवाल्यांसाठी याहून मोठा खड्डा आहे. ट्रॅक्टर-ट्रॉलीची नोंद शेतीकामासाठी असेल तर भाड्याने रेती वाहणे मुळातच नोंदणीबाहेर जाते. अशा आरसीच्या (नोंदणी प्रमाणपत्राच्या) बळावर 'व्यवसायाचा हक्क' मागायला गेलात तर न्यायालय दार दाखवते. आधी व्यावसायिक नोंद आणि परमिट, मग याचिका. एकूण वजन ३,००० किलोंच्या आतल्या मालवाहू गाडीला परमिट लागत नाही, पण रेतीच्या धंद्यात अशी गाडी फारशी दिसत नाही.

समोरच्याचा आधार तपासायला माहिती अधिकाराचा अर्ज टाका. आदेशाची संपूर्ण नस्ती (फाइल) मागा, टिपणीसह: कोणी सुचवले, सार्वजनिक बांधकामचे पत्र आहे का, रस्त्याची पाहणी झाली का, किती तक्रारी आल्या. ३० दिवसांची मुदत आहे, म्हणून हा अर्ज आदेश मिळाल्याच्या दिवशीच टाकायचा, वकील ठरवल्यावर नव्हे. नस्तीत आकड्यामागे काहीच नसेल तर मोहिंदरसिंग गिल प्रकरणातला सर्वोच्च न्यायालयाचा नियम कामी येतो: आदेश ज्या कारणांवर निघाला त्याच कारणांवर तपासला जाईल, नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणे भरता येणार नाहीत. शासनाच्या उत्तरात अचानक 'शाळेजवळ अपघाताचा धोका' आला आणि आदेशात त्याचा शब्दही नसला, तर तेवढ्यावर बोट ठेवा.

'फक्त स्थानिक गाड्या' या अटीचे वेगळे. गुजरातने राज्याबाहेर रेती नेण्यावर नियमाने घातलेली बंदी सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये जयेशभाई कलाथिया प्रकरणात अवैध ठरवली. राज्याच्या सीमेचा तो निकाल तालुक्याच्या सीमेला जसाच्या तसा चिकटत नाही, पण व्यापाराच्या मोकळीकीवर त्यात जे आहे ते वकिलाने वाचलेच पाहिजे.

हायकोर्टाआधीची पायरी

जमीन महसूल अधिनियमाखालचा आदेश असेल तर कलम २४७ चे अपील आहे. तहसीलदाराविरुद्ध उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, जिल्हाधिकाऱ्यांविरुद्ध विभागीय आयुक्तांकडे, म्हणजे नागपूर किंवा अमरावती. मुदत कलम २५० प्रमाणे: जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशाला ६० दिवस, अन्यथा ९०. नक्कल मिळायला लागलेले दिवस यातून वगळले जातात, म्हणून नकलेच्या अर्जाची तारीख आणि प्रत हाती आल्याची तारीख दोन्ही प्रतीवरच असू द्या.

अपील सोडून थेट रिट (शासनाच्या आदेशाविरुद्ध हायकोर्टात होणारी याचिका) केली तर 'पर्यायी उपाय आहे' हा आक्षेप पहिल्याच तारखेला येतो. १९९८ च्या व्हर्लपूल निकालाने त्याला अपवाद दिले आहेत: मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारच नसताना काढलेला आदेश, किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान. यातला कोणता अपवाद लागू आहे ते याचिकेत स्वतंत्र परिच्छेदात लिहा. न लिहिता सुनावणीत बोलू म्हणणारे बहुधा अपिलाकडे परत पाठवले जातात, आणि तोवर हंगाम सरतो.

दोन्हीपैकी काहीही करा, पण निवेदन आधी द्या. जिल्हाधिकाऱ्यांना उद्देशून एक-दोन पाने, आदेशाचा क्रमांक, तुमचा हिशेब, नेमकी मागणी, आणि १५ दिवसांत निर्णयाची विनंती. परमादेश (अधिकाऱ्याला त्याचे कर्तव्य करायला लावणारा न्यायालयाचा आदेश) मागणाऱ्याने आधी मागणी केली होती आणि ती नाकारली गेली किंवा पडून राहिली, हे न्यायालय बघते. दिवाणी दाव्यासाठी लागणारी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस रिटला लागत नाही. ती देत बसू नका.

याचिका

विदर्भातल्या अकराही जिल्ह्यांसाठी मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ. मूळ आदेशांना संविधानाचा अनुच्छेद २२६ (रिटचा अधिकार), महसुली अपिलात झालेल्या निर्णयांना बहुधा २२७ (देखरेखीचा अधिकार). याचिका कोणी करावी? ज्याची गाडी अडली त्याने. संघटनेच्या नावाने करायची हौस असते, पण मग सभासदांचा ठराव, नोंदणी, अधिकारपत्र असे नसते फाटे फुटतात. तीन-चार गाडीमालक आणि शक्य असल्यास घाटाचा लिलावधारक एकत्र आले तर केस भरीव होते. मात्र लिलावधारकाने निविदेतच गाड्यांची मर्यादा मान्य करून सही केली असेल तर त्याला बाहेर ठेवा. त्याची सही सगळ्यांना बुडवते.

प्रतिवादी म्हणून महसूल व वन विभागामार्फत राज्य शासन, जिल्हाधिकारी, जिल्हा खनिकर्म अधिकारी, तहसीलदार, आणि ठराव असेल तर सचिवामार्फत ग्रामपंचायत. जोडपत्रांत आदेश, निवेदन व पोच, आरसी, परमिट, फिटनेस, विमा, पीयूसी, जीपीएस बसवल्याची नोंद, मागचे ई-पास, हिशेबाचे पान. मराठी कागदांची इंग्रजी भाषांतरे लागतात. ती वकिलाच्या कारकुनावर सोडू नका; 'घाट' आणि 'डेपो' यांची अदलाबदल झालेली भाषांतरे नंतर डोकेदुखी होतात.

गाडीवर पूर्वी जप्ती किंवा दंड झाला असेल तर तो स्वतःहून सांगा. लपवलेली जुनी केस सरकारी वकिलाने काढली की बाकी मुद्दे ऐकलेच जात नाहीत.

मागण्या तीन थरांत मागा. पहिली, आदेश रद्द करावा. दुसरी, अंतिम निकालापर्यंत स्थगिती. तिसरी, निदान सुनावणी देऊन ठरावीक आठवड्यांत निवेदनावर सकारण निर्णय घ्यावा. व्यवहारात तिसरीच जास्त मिळते. ती कमी समजू नका. सकारण निर्णय लिहायला बसलेला अधिकारी आकडा बऱ्याचदा स्वतःच वाढवतो.

स्थगितीसाठी 'नुकसान पैशात भरून निघेल' असे समोरून सांगितले जाईल. त्याचे उत्तर मुदतीत आहे. १० जून ते ३० सप्टेंबर उपसा बंद असतो, लिलावाची मुदत ठरलेली असते, गेलेला हंगाम कोणी परत देत नाही. म्हणूनच मे महिन्यात याचिका करू नका. हायकोर्टाला उन्हाळी सुट्टी असते, सुट्टीतल्या न्यायालयापुढे तातडी पटवावी लागते, आणि जून उजाडला की याचिका निरर्थक झाली म्हणून निकाली निघते. जानेवारीत आदेश निघाला तर जानेवारीतच हालचाल हवी. समोरच्याला न ऐकता मिळालेली स्थगिती उठवायला अर्ज आला तर अनुच्छेद २२६(३) प्रमाणे दोन आठवड्यांत तो निकाली काढावा लागतो, त्यामुळे प्रत्युत्तराची तयारी आधीच ठेवा.

गावाची बाजूही असते आणि ती नेहमी खोटी नसते. पांदण रस्त्यावरून दिवसाला शंभर खेपा गेल्या तर रस्ता उरत नाही. मर्यादा टिकवायची असेल तर ग्रामस्थांनी हस्तक्षेप अर्ज करावा, आणि त्यात बांधकाम विभागाचे पुलाच्या क्षमतेचे पत्र, रस्त्याचे तारखेसह फोटो, शाळेच्या वेळा द्याव्यात. शाळेच्या वेळेत वाहतूक बंद किंवा वजनाची अट यांचे समर्थन सोपे असते. 'दहाच गाड्या, त्याही गावातल्याच' याचे फार अवघड.

जप्ती झाली असेल तर

ती वेगळी लढाई आहे, या याचिकेत मिसळू नका. जमीन महसूल अधिनियमाच्या कलम ४८(८) खाली जप्त गाडी ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकृत अधिकाऱ्यासमोर यावी लागते. दंड आणि वैयक्तिक बंधपत्र देऊन तो अधिकारी ती सोडू शकतो. जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेप्रमाणे हा दंड ट्रॅक्टर-ट्रॉलीला १ लाख, डंपरला २ लाख, आणि शिवाय कलम ४८(७) खाली रेतीच्या बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत. बंधपत्रावर सही करताना 'बेकायदा वाहतूक केली' अशी कबुली त्यात घुसवली नाही ना ते वाचा.

आदेश हातात आल्यावर

याचिका मागे घ्यायची वेळ आली तर 'पुन्हा दाद मागण्याची मुभा ठेवून' हे शब्द आदेशात आल्याशिवाय मागे घेऊ नका, नाहीतर त्याच मुद्द्यावर दार बंद होते. स्थगिती मिळाली तर त्याच दिवशी संकेतस्थळावरची प्रत तहसील, खनिकर्म शाखा आणि पोलीस ठाण्यात देऊन तीन पोच घ्या. नंतर प्रमाणित प्रत तशीच द्या. नाक्यावरच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याला (पूर्वीचा तलाठी) इंग्रजी आदेश वाचत बसायला वेळ नसतो; आदेशाचा मुख्य परिच्छेद मराठीत टंकून, पोचांच्या झेरॉक्ससह, प्रत्येक गाडीच्या केबिनमध्ये ठेवा. तरीही गाडी अडवली तर तारीख, वेळ, अडवणाऱ्याचे पदनाम त्याच दिवशी लेखी कळवून पोच घ्या. अवमान याचिकेची मुदत एक वर्ष आहे आणि ती या नोंदींवरच चालते.